गिरणेच्या वाळूतील ढालपाठी ढेकूण : प्रकल्प नोंदी

७ जानेवारी २०२४

कामाला आज सुरुवात झाली. गिरणा नदीच्या डाव्या काठावर, बांभोरीच्या पुलाच्या वरच्या अंगाला, पात्र व शेतबांध यांच्या मध्ये जो उंचवट्याचा वाळूपट्टा आहे तेथे चार चौकटी आखल्या. प्रत्येक चौकट दहा मीटर लांब व दहा मीटर रुंद. चौकट १ व २ झाऊच्या झुडपांजवळ आहेत, चौकट ३ थोडी उंचावर कोरड्या सैल वाळूत आहे आणि चौकट ४ शेताकडील बाजूस, जेथे वाळूत गाळ मिसळलेला आहे. खुंट्यांना पांढरा रंग दिला आणि सुतळी बांधली. संध्याकाळपर्यंत एका खुंटीची सुतळी शेळ्यांनी नेली, त्यामुळे पुढे खुंट्यांवरच भागवायचे ठरवले.

शोध कशाचा, हे पहिल्याच पानावर लिहून ठेवणे बरे. ढेकणांच्या मोठ्या गणात स्क्युटेलेरिडी नावाचे एक कुळ आहे. या कुळातील किड्याच्या छातीवरील त्रिकोणी तुकडा इतका वाढतो की पंख व संपूर्ण पोट त्याखाली झाकले जाते. पाठीवर ढाल बांधावी तसा तो दिसतो, म्हणून आम्ही या नोंदींत त्याला ‘ढालपाठी ढेकूण’ म्हणणार आहोत. कुळातील बहुतेक जाती झाडांवर उघड्यावर राहतात आणि त्यांतील काही हिरव्या-निळ्या धातूसारख्या चमकतात. परंतु ओडोंटोसेलिस नावाच्या प्रजातीने मात्र वाळू धरली आहे. ब्रिटनमध्ये तिच्या दोन जाती आहेत, फुलिजिनोसा ही मोठी व लिनिओला ही लहान. दोन्ही तेथे दुर्मीळ मानल्या जातात, आणि त्यांतील फुलिजिनोसा दक्षिणेकडील समुद्रकिनाऱ्यांवरच्या वाळूच्या टेकड्यांपुरतीच उरली आहे. रंग मातकट, अंगावर केस, चमक नावालाही नाही. हा किडा एरोडियम या बुटक्या रोपाखाली वाळूत स्वतःला पुरून घेतो; हिवाळा तो पिल्लाच्या अवस्थेत वाळूतच काढतो आणि उन्हाळ्यात प्रौढ होतो.

खानदेशात एरोडियमही नाही आणि वाऱ्याने उभ्या केलेल्या समुद्रकाठच्या टेकड्याही नाहीत. आपली वाळू नदीने आणून टाकलेली आहे, मुख्यतः सह्याद्रीच्या काळ्या खडकाची. तरीही मार्च ते मे या काळात पश्चिमेचा वारा हीच वाळू झाऊच्या बुंध्याशी ढीग करून ठेवतो आणि गुडघाभर उंचीचे लहान उंचवटे तयार होतात. या उंचवट्यांत, त्याच तऱ्हेने जमिनीत राहणारा, स्क्युटेलेरिडी कुळातील एखादा किडा आहे काय, एवढाच आमचा प्रश्न आहे. ओडोंटोसेलिस येथे सापडेल अशी अपेक्षा नाही.

२१ जानेवारी

चाळणीचे काम पहिल्यांदा केले. रोपाच्या बुंध्याभोवतीची वीतभर वर्तुळातील वाळू, सुमारे पाच सेंटीमीटर खोलीपर्यंत, खुरप्याने उचलून घ्यायची, पीठ चाळण्याच्या चाळणीपेक्षा थोड्या मोठ्या भोकांच्या चाळणीतून गाळायची आणि वर राहिलेला पालापाचोळा पांढऱ्या ताटात पसरून दहा मिनिटे काहीही न करता पाहत बसायचे. ही दहा मिनिटे फार महत्त्वाची आहेत, कारण हे किडे हात लागला की पाय आखडून घेतात आणि मातीच्या खड्यापासून वेगळे ओळखता येत नाहीत. सहाव्या-सातव्या मिनिटाला खडा चालू लागतो.

आज ताटात चाललेले सर्व खडे मात्र दुसऱ्याच कुळाचे निघाले. काळे, तुकतुकीत, पुढच्या पायांच्या नळ्यांवर दातेरी काटे असलेले हे सिडनिडी कुळातील बिळकरी ढेकूण होत. काट्यांनी ते वाळू मागे लोटतात. ताटात टाकलेल्या मूठभर वाळूत एक किडा अर्ध्या मिनिटात दिसेनासा झाला. त्यांचीही त्रिकोणी ढाल मोठी असते, परंतु ती पोट झाकत नाही आणि तिच्या दोन्ही बाजूंना पंख उघडे दिसतात. चार चौकटींत मिळून अकरा नमुने. सर्व मोजून परत सोडले, फक्त दोन अल्कोहोलमध्ये ठेवले.

१८ फेब्रुवारी

पात्रात टरबुजाच्या वाडीचे काम चालू आहे. वाडी करणारे नाना दोनदा येऊन पाहून गेले होते, आज मात्र त्यांनी जवळ बसून विचारले, “सर, रेतीमा काय धुंडी ऱ्हायनात?” किडा शोधतो आहोत म्हटल्यावर त्यांनी साहजिकच पुढचा प्रश्न केला, की तो पिकाचे काय नुकसान करतो. कापसावरचा लाल ढेकूण व करडा ढेकूण त्यांना आमच्यापेक्षा चांगले ठाऊक आहेत. ढेकूण म्हणजे नुकसान हे समीकरण या भागात कापसानेच शिकवलेले आहे. आम्ही सांगितले की ज्याचा शोध चालू आहे तो बहुधा रानटी रोपांचा रस पितो. त्याच वेळी प्रामाणिकपणे हेही सांगितले की याच कुळातील एक भाऊबंद, युरिगॅस्टर इंटिग्रिसेप्स, इराण, तुर्कस्तान व मध्य आशियात गव्हाचा मोठा शत्रू आहे. तो कोवळ्या दाण्यात सोंड खुपसून आपली लाळ सोडतो आणि अशा दाण्याच्या पिठाची कणीक ताणली की तुटते. नाना काही वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले की हा किडा सापडला तर आधी त्यांना दाखवावा, मग सरकारला.

चाळणीत आज सिडनिडी चौदा. ढालपाठी एकही नाही.

१० मार्च

चारही चौकटी चाळल्या. सिडनिडी सहा, काळे भुंगेरे चार, कोळी बरेच. ढालपाठी शून्य.

शून्य कसे लिहायचे यावर सोबतच्या विद्यार्थिनीशी बोलणे झाले. तिचे म्हणणे असे की सापडले नाही तर रकाना कोरा ठेवावा. ते मान्य करता येत नाही. कोऱ्या रकान्याचा अर्थ पाहिले नाही असाही होतो. शून्याचा अर्थ होतो की अमुक इतकी वाळू, अमुक खोलीपर्यंत, अमुक वेळ पाहिली आणि तीत नव्हता. म्हणून आजपासून प्रत्येक शून्याशेजारी चाळलेल्या वाळूचे घमेल्यांतील माप आणि लागलेली मिनिटे लिहिली जातील. मागील दोन दिवसांच्या नोंदींत घमेली मोजलेली नव्हती. तेथे अंदाजाने आकडा भरण्याचा मोह टाळला आहे.

३१ मार्च

आजची नोंद सविस्तर लिहीत आहे.

चौकट ३ मध्ये धान्य गोळा करणाऱ्या मुंग्यांचे एक मोठे वारूळ आहे. या मुंग्या बी आत नेतात आणि टरफले, कुसळे, मेलेल्या किड्यांचे अवशेष तोंडाशी बाहेर टाकतात. त्याचा वारुळाभोवती कडे करून उकिरडा साचतो. चाळणी करून कंटाळल्यावर सहज म्हणून हा उकिरडा एका वाटीत भरून घेतला आणि घरी ताटात पसरून भिंगाखाली पाहिला. त्यात गवताची टरफले होती, भुंगेऱ्यांचे पाय होते, लाल ढेकणांची डोकी होती, आणि एक तुकडा असा होता की तो प्रथम भुंगेऱ्याच्या पाठीचा वाटला.

तुकड्याची लांबी ४.५ मिलिमीटर आणि रुंदी ३.५ मिलिमीटर भरली. आकार आंब्याच्या कोयीसारखा, मागे निमुळता व गोलसर. रंग भाजलेल्या शेंगदाण्याच्या टरफलाचा, मधोमध डोक्याकडून शेपटीकडे जाणारी एक फिकट रेघ. पृष्ठभागावर सुईने टोचल्यासारखे बारीक खड्डे असून काही खड्ड्यांतून आखूड, आडवे पडलेले केस निघालेले आहेत. कडेच्या केसांत वाळूचे तीन कण अडकलेले होते आणि ते ओल्या कुंचल्यानेही सुटले नाहीत. निर्णायक गोष्ट मात्र रंग अथवा केस नव्हती. भुंगेऱ्याच्या पाठीवर दोन कडक पंख एकमेकांना भिडतात आणि त्यांच्या सांध्याची चीर पाठीच्या मध्यावरून सरळ जाते. या तुकड्यावर चीर नाही. फिकट रेघ ही केवळ रंगाची रेघ आहे. सुईचे टोक तिच्यावरून आडवे फिरवले तर कोठेही अडत नाही. म्हणजे हा दोन पंखांचा जोड नसून एकच अखंड पत्रा आहे, आणि पोट झाकील एवढा अखंड पत्रा ढेकणांतच मिळतो.

एक शक्यता अजून वजा करावी लागली. तुरीवर व वालावर बसणारे गोल, फुगीर प्लॅटॅस्पिडी ढेकूणही अशीच अखंड ढाल बाळगतात. परंतु त्यांची ढाल बहुधा लांबीपेक्षा रुंद असते आणि मागे सुरीने कापल्यासारखी सरळ संपते. आमचा तुकडा लांबट आहे व मागे निमुळता आहे. रात्री साडेअकरा वाजता वहीत ‘स्क्युटेलेरिडी, ढाल, १’ असे लिहिले. आनंद झाला, हे लपवण्याचे कारण नाही.

१ एप्रिल

कालच्या आनंदावर आज थोडे पाणी घालणे आवश्यक आहे. मुंगीने हा तुकडा कोठून आणला हे तुकडा सांगत नाही. बांधावर मोगली एरंडाचे कुंपण आहे आणि अशा झाडांवर या कुळातील चमकदार जाती राहतात. आमचा तुकडा चमकदार नसला तरी झाडावर राहणाऱ्या मातकट जातीही आहेत. वाऱ्याने किडा पडला, मेला आणि मुंगीने ओढत आणला, असे घडलेले असू शकते. तुकड्याच्या केसांत वाळूचे कण होते, हा वाळूत राहण्याचा पुरावा म्हणता येत नाही, कारण तो वाळूतल्याच उकिरड्यात पडलेला होता. एवढे खरे की या पट्ट्यावर, मुंगीच्या टप्प्यात, असा किडा कोठेतरी आहे. यापुढे प्रत्येक वारुळाचा उकिरडा चाळायचा आणि वारूळ ते बांध हे अंतर मोजून लिहायचे.

२८ एप्रिल

चौकट ३ राहिलेली नाही. सकाळी पोहोचलो तेव्हा तेथे दीड पुरुष खोल खड्डा होता, त्याच्या तळाशी पाणी झिरपत होते आणि शेतरस्त्यापर्यंत ट्रॅक्टरच्या चाकोऱ्या गेल्या होत्या. आमच्या चार खुंट्यांपैकी एक खड्ड्याच्या कडेला तिरपी उभी होती. वारूळ गेले, उकिरडा गेला. कोणी नेले ते आम्हाला माहीत नाही, आणि ज्यांना माहीत असावे त्यांनी विचारल्यावर विषय बदलला. नानांनी एवढेच सांगितले की ट्रॅक्टर रात्री येतात आणि वाडीतली माणसे तेव्हा बाजेवरून उठत नाहीत.

कामाच्या दृष्टीने पाहता या उपशाचा परिणाम एका चौकटीपुरता नाही. वाळूत राहणाऱ्या किड्याला वरचा कोरडा, सैल थरच लागतो. बुंध्याची मुळे, मुळांजवळचा ओलावा आणि दिवसा लपण्याची जागा हे सर्व पहिल्या वीतभर खोलीत असते, आणि यारीचा पहिला घाव नेमका त्याच थरावर पडतो. पुढच्या पुराने खड्डा भरेल, हे खरे, पण भरेल ती नवी वाळू असेल. तीत झाऊ उगवायला व झाऊखाली पाचोळा साचायला वर्षे जातील. ब्रिटनमधील टेकड्यांवर वेगळीच अडचण सांगितली जाते : तेथे वाळूवर गवत व झुडपे दाट वाढली की उघडी वाळू कमी होते आणि किडा हटतो. आपल्याकडे झुडपासकट वाळूच जाते.

चौकट ३ च्या जागी नवी चौकट आखलेली नाही. तीन चौकटींवरच वर्ष पूर्ण करू.

२३ मे

दुपारी एक वाजता फक्त तापमान घेण्यासाठी गेलो. सावलीत ४४ अंश, उघड्या वाळूच्या पृष्ठभागावर ६१, झाऊच्या सावलीतील वाळूवर ४७, आणि त्याच झाऊच्या बुंध्याशी दहा सेंटीमीटर खोलीवर ३६. या चार आकड्यांत किडा दिवसा कोठे असेल आणि कोठे असूच शकत नाही, हे बरेचसे ठरते. आजवर आम्ही सोयीसाठी सकाळी नऊनंतर चाळणी करत होतो आणि पाचच सेंटीमीटर खोल जात होतो. उन्हाळ्यातील आमची काही शून्ये त्यामुळे लंगडी आहेत. त्यांच्यासमोर तशी खूण केली. भिंगाची पितळी कड हातात धरवत नव्हती.

१२ जून

पाऊस झाला. वाळूवर मखमली लाल मृगाचे किडे शेकड्यांनी फिरत आहेत. ढालपाठी शून्य, चाळलेली घमेली २२, खोली १२ सेंटीमीटर, वेळ पहाटे साडेपाच ते आठ.

११ ऑगस्ट

पट्ट्यावर जाता येत नाही. हे दिवस टेबलावर घालवले. भारतातील ढेकणांचे मूळ वर्णन पाहायचे तर अजूनही ब्रिटिश कीटकशास्त्रज्ञ डिस्टंट यांच्या १९०२ च्या खंडापासून सुरुवात करावी लागते. त्यात हे किडे स्वतंत्र कुळ म्हणून नव्हे तर पेंटॅटोमिडी या मोठ्या कुळाचा उपगट म्हणून येतात. तेथील वर्णने प्रौढ किड्यांची आहेत. (नंतरची भर : पिल्लू हाती लागले तर त्यांचा उपयोग थोडाच होणार, हे वाचताना लक्षात आले नाही, ऑक्टोबरमध्ये आले.)

२९ सप्टेंबर

पूर ओसरला. चौकट १ वर हातभर नवी वाळू बसली आहे, चौकट २ चा अर्धा भाग वाहून गेला आहे, चौकट ४ जशीच्या तशी आहे. बांधावर कुसळी गवत पिकले आहे आणि आमच्या दोघांचे मोजे कुसळांनी भरले. कुसळाची पिळदार शेपटी ओल लागली की उलगडते, वाळली की पुन्हा पिळते आणि बी जमिनीत स्क्रूसारखे घुसत जाते. ब्रिटनच्या वाळूतील एरोडियमचे बीही नेमक्या याच पद्धतीने स्वतःला पेरते. दोन्ही वनस्पतींची कुळे अगदी दूरची, परंतु सैल जमिनीत बी रुजवण्याची युक्ती एक.

२० ऑक्टोबर

चौकट ४, सकाळी ६ वाजून ५० मिनिटे. जमिनीसरशी पसरलेल्या सराट्याच्या मध्यमुळाशी, तीन सेंटीमीटर खोलीवर, एक पिल्लू मिळाले. लांबी ४ मिलिमीटर, गोलसर, मातकट, अंगभर ताठ केस. पंखांच्या कळ्या स्पष्ट दिसतात, म्हणजे ही पाचवी व शेवटची पिल्लावस्था असावी. पुढच्या नळ्यांवर खणण्याचे काटे नाहीत, तेव्हा सिडनिडी नव्हे. भिंगाखाली पावलाचे सांधे मोजले, ते दोन भरले. प्लॅटॅस्पिडी कुळाच्या पावलाला दोन सांधे असतात व स्क्युटेलेरिडीच्या पावलाला तीन. त्यामुळे ‘प्लॅटॅस्पिडी, पिल्लू, १’ अशी नोंद केली. थोडी निराशा झाली.

पिल्लू काचेच्या बरणीत, तेथलीच चार बोटे वाळू व मुळासकट सराटा घालून, घरी आणले.

२२ ऑक्टोबर

वरची नोंद चुकीची आहे. ती खोडलेली नाही, तिच्यावर फक्त एक रेघ मारली आहे. सांध्यांचा नियम प्रौढांना लागू आहे. या सर्व ढेकणांच्या पिल्लांना, मग कुळ कोणतेही असो, पावलाला दोनच सांधे असतात. तिसरा शेवटची कात टाकल्यावर दिसतो. म्हणजे परवा मोजलेले दोन सांधे कोणत्याही कुळाच्या बाजूने वा विरुद्ध काहीच सांगत नाहीत. हे पुस्तकात होते आणि मी ते ऑगस्टमध्ये वाचलेही होते. सोबतच्या विद्यार्थिनीने ही चूक दाखवली. तिच्या वहीत तिने पहिल्याच दिवशी कुळाच्या जागी प्रश्नचिन्ह काढले होते.

पिल्लू दिवसभर वाळूत असते. रात्री दहाच्या सुमारास टॉर्चवर लाल कागद लावून पाहिले तेव्हा ते सराट्याच्या देठाशी येऊन सोंड टेकवून स्थिर बसले होते. चाहूल लागताच ते मागच्या मागे वाळूत उतरले; काटे नसतानाही, केवळ अंग डोलवत डोलवत. वाळू केसांना चिकटते आणि पाठ क्षणात दिसेनाशी होते. तीन रात्रींत ते देठाशी दोनदा दिसले, दोन्ही वेळा तेथेच.

३ नोव्हेंबर

पिल्लू कात टाकताना मेले.

दिवाळीचे चार दिवस घरात पाहुणे होते आणि बरणीवर पाणी शिंपडण्याचे राहून गेले. वाळू पूर्ण कोरडी झाली होती. कात मऊ पडून निसटायला हवेत ओल लागते. ती नसल्याने जुनी कातडी डोक्यापासून छातीपर्यंत फाटली आणि तेथेच अडकली. दोष पूर्णपणे माझा आहे.

जे उरले ते रात्रभर पाहिले. छातीवरचा नवा तुकडा बाहेर आलेला आहे, पांढुरका, ओल्या कागदासारखा चुरगळलेला. सुईने अलगद सरळ केला तर तो पोटाच्या शेवटच्या खंडापर्यंत पोहोचतो आणि मागे निमुळता होतो. मागचे पाय कातीतून सुटले नव्हते, परंतु जुनी कातडी इतकी पातळ होती की खालून उजेड दिल्यावर आतले नवे पाऊल दिसले. ते पाच वेळा मोजले. त्यानंतर विद्यार्थिनीला बोलावून, माझा आकडा न सांगता, तिच्याकडून मोजून घेतले. दोघांचेही तीन सांधे आले.

कुळ स्क्युटेलेरिडी. प्रजाती सांगता येत नाही : रंग भरलेला नाही, केस ओले होऊन चिकटले आहेत, आणि ज्या अवयवांवरून जाती वेगळ्या करतात ते तयारच झालेले नाहीत. मार्चमधील ढाल व हे पिल्लू एकाच जातीचे आहेत काय, यावर मत देण्यासारखे हाती काही नाही, म्हणून दिलेले नाही. मात्र एक फरक नोंदवण्यासारखा आहे : ढाल मुंगीने आणलेली होती, पिल्लू स्वतः वाळूत उतरताना पाहिले आहे.

नानांना बरणी दाखवली. त्यांनी भिंगातून बराच वेळ पाहिले आणि सराटा फुकट उगवतो, तो खाऊ द्या म्हणाले.

१० नोव्हेंबर

दोन्ही नमुन्यांच्या चिठ्ठ्या लिहून झाल्या. पहिली : गिरणा, डावा काठ, चौकट ३, मुंग्यांचा उकिरडा, ३१ मार्च २०२४, सुटी ढाल, स्क्युटेलेरिडी, बांधापासूनचे अंतर मोजलेले नाही, जागा २८ एप्रिलपूर्वी उपसली गेली. दुसरी : गिरणा, डावा काठ, चौकट ४, सराट्याच्या मुळाशी, खोली ३ सेंटीमीटर, २० ऑक्टोबर २०२४, पाचव्या अवस्थेचे पिल्लू, शेवटची कात अपुरी, स्क्युटेलेरिडी, पाळताना पाण्याअभावी मृत. पहिला नमुना पुठ्ठ्याच्या टोकावर चिकटवून सुईवर लावला आहे, दुसरा ७० टक्के अल्कोहोलमध्ये आहे. चौकट ४ मधील सराट्याची एकूण रोपे आज मोजली, ती ३७ आहेत. त्यांपैकी ९ खालची वाळू चाळली, २८ बाकी आहेत.